सुधाच्या रक्तातली उणीव

आज सुधा भाजीची पिशवी घेऊन मला मागे टाकून न थांबता जिना चढून गेली. आम्ही दोघी शेजारणी, दोघींचंही हृदय कमजोर. महिन्यापूर्वीपर्यंत पहिल्या मजल्यावर भिंतीला टेकून एकत्रच धापा टाकायचो. मग तिच्या रक्तात लोह कमी निघालं, डॉक्टरांनी ते सलाईनमधून दिलं आणि तिला हळूहळू तरतरी आली. मीही मोठ्या आशेने रक्त तपासून घेतलं.

"तुमचं लोह उत्तम आहे," डॉक्टर म्हणाले.

आनंद व्हायला हवा होता. पण मला सुधाच्या उणिवेचाच हेवा वाटला. तिची उणीव निदान भरून काढता आली.

"थांबू का गं?" आता सुधाने जिन्याच्या वरून विचारलं.

"नको, जा तू," मी म्हणाले. ते काही मायेने म्हटलं नव्हतं.