दोन भोंगे आणि बारा हजार बॉम्ब

किस्से जमवायचे म्हणून कुणी जमवत नाही. कचेरीत जुन्या फायली साठतात तसे ते साठतात. कुणी मागत नाही आणि कुणी टाकूही देत नाही. मी तालुक्याच्या एका कचेरीत पस्तीस वर्षं आवक-जावक कारकून होतो, त्यामुळे येईल ते ठेवून घ्यायची सवय लागलीय. निवृत्तीनंतर किन्हवलीच्या वाचनालयाच्या ओट्यावर बसतो, तिथंही आवक चालूच आहे. आज थोडी जावक करतो.

ओट्यावर आम्ही चौघं. पेपर मोठ्यानं वाचणारे गुरुजी, निवृत्त शिक्षक. एसटीतून निवृत्त झालेले ड्रायव्हर जनूभाऊ. रामदास शेतकरी, म्हणून आमच्यातला एकटाच निवृत्त न झालेला. आणि मी. समोर वनिताची चहाची टपरी. ती ओट्यावर बसत नाही, पण निम्मी चर्चा तीच करते.

जनूभाऊ आणि रामदास मेहुणे. रामदासची बायको सुनंदा ही जनूभाऊंची सख्खी बहीण. दोघांची भातशेती बांधाला बांध लागून. रामदासच्या प्रियांकाचं लग्न तुळशीच्या लग्नानंतरचं ठरलेलं आणि तिला मामा एकच, जनूभाऊ. नवरीला बोहल्यावर मामानंच आणायचं असतं. एवढं लक्षात ठेवा, बॉम्बचं विसरलात तरी चालेल.

*

एके सकाळी गुरुजींनी बातमी वाचली. जगात नऊ देशांकडे मिळून बारा हजारांवर अणुबॉम्ब आहेत!

रामदासनं चहाचा कप खाली ठेवला. जनूभाऊंवर मात्र काही परिणाम नाही. त्यांनी विचारलं, "त्यातले रूटवर किती?"

"रूटवर म्हणजे?"

"गुरुजी, डेपोत उभ्या गाड्या मोजून पॅसेंजर घरी पोचत नाय. रूटवर किती, स्पेअर किती, भंगारात किती, ते वाचा."

गुरुजींनी चष्मा पुसून खालचा बारीक मजकूर वाचला. खरोखरच तशीच फोड होती! सुमारे चार हजार कामावर तैनात, बरेचसे कोठारात राखीव, आणि उरलेले निवृत्त झालेले, पण अजून मोडीत न काढलेले.

जो तो आपापल्या गुडघ्यांकडे बघू लागला.

वनिता गाळणी झटकत म्हणाली, "म्हंजे तुमच्यासारकेच की!"

*

दुसऱ्या दिवशी पुढची बातमी. हे सगळे देश आपल्या बॉम्बचं आधुनिकीकरण करतायत.

रामदासला यात चूक काय ते कळेना. "जुनं टाकून नवीन घेतात, त्यात काय? आपुन पंप बदलतो तसं."

मी म्हटलं, "रामदास, मी आधुनिकीकरण पाहिलंय."

आमच्या कचेरीत कॉम्प्युटर आला तेव्हा साहेबांनी हुकूम काढला, यापुढे आवक-जावक कॉम्प्युटरवर. मी आनंदानं रजिस्टर बांधून कपाटात ठेवलं. साहेब धावत आले. "अहो, रजिस्टर का ठेवलंत? कॉम्प्युटर बंद पडला तर?" म्हणून रजिस्टर पुन्हा सुरू. मग कॉम्प्युटरमधल्या नोंदींची छापील प्रत काढून तीही फायलीला. मग रजिस्टर आणि छापील प्रत जुळतात का, हे बघायला तिसरं रजिस्टर. निवृत्त झालो तेव्हा एका पत्राची चार ठिकाणी नोंद होत होती आणि पत्र सापडत नव्हतं.

"मग बॉम्ब तरी सापडतात का त्यांना?" रामदासनं विचारलं.

गुरुजींनी पेपरात शोधलं. त्याबद्दल काही दिलं नव्हतं.

*

आता भोंग्याची गोष्ट.

त्या वर्षी रानडुकरांनी भाताची नासाडी मांडली होती. रामदासचं भात म्हणजे प्रियांकाच्या लग्नाचं जेवण. "पोरीच्या पंगतीला घरचाच तांदूळ," असं तो वर्षभर सांगत होता. त्यानं कल्याणहून सोलरवर चालणारा छोटा भोंगा आणला. दर दहा मिनिटांनी त्यातून कुत्री भुंकायची. डुकरं घाबरली आणि बांध ओलांडून जनूभाऊंच्या शेतात गेली.

जनूभाऊंनी सभ्यपणे विचारलं, "दाजी, तुमची डुकरं माज्याकडं का?"

"डुकरं माजी नाय, कुत्री माजी!"

जनूभाऊ मुरबाडला जाऊन वाघाची डरकाळी असलेला भोंगा घेऊन आले. डुकरं परत रामदासकडे. रामदासनं आणखी दोन भोंगे लावले, जनूभाऊंनी आणखी एक. पंधरा दिवसांत एका बांधाच्या दोन बाजूंना मिळून पाच भोंगे झाले. एकमेकांशी बोलणं बंद. ओट्यावरही दोघं दोन टोकांना बसायला लागले, मध्ये गुरुजी आणि पेपर.

मी तटस्थ होतो. माझ्याकडे परसात फक्त रताळी होती आणि भोंगा नव्हता. डुकरांनी रताळी खाल्ली.

*

त्याच दिवसांत गुरुजींनी शाळेतला जुना नकाशा आणला आणि मुंबईवर कंपासचं टोक ठेवून एक वर्तुळ काढलं. मुंबईवर बॉम्ब पडलाच तर कुठपर्यंत काय होईल, हे ते समजावून सांगत होते.

रामदास वाकून बघत म्हणाला, "गुरुजी, माजं घर आत का भाईर?"

"बाहेर. तानसा धरणसुद्धा बाहेर."

रामदासनं सुटकेचा श्वास सोडला. मग हळूच, दुसऱ्या टोकाला ऐकू जाणार नाही अशा बेतानं विचारलं, "आनि जनूचं?"

"अरे, तुमची घरं शेजारी शेजारी. त्यांचंही बाहेरच."

रामदासचा चेहरा पडला!

*

भात पोटरीला आलं, लोंब्या फुटायच्या बेतात होत्या, तेव्हा गुरुजींनी दोघांना बसवून करार घडवला. ते म्हणाले, मोठ्या देशांनीसुद्धा करार करून बॉम्ब कमी केले, एके काळी याच्या कितीतरी पट होते. ठरलं असं की प्रत्येकानं एकच भोंगा ठेवायचा. तपासणी अधिकारी म्हणून माझी नेमणूक झाली. माझ्याकडे कोरं रजिस्टर होतंच.

आठ दिवसांनी मी बांधावर गेलो. करार तंतोतंत पाळला होता. रामदासकडे एक, जनूभाऊंकडे एक. फक्त दोघांनी जुने देऊन नवे घेतले होते. नवा भोंगा पाण्याच्या घागरीएवढा! जनूभाऊंचा वाघ आता पार नदीपलीकडे ऐकू जायचा. रामदासच्या कुत्र्यांमध्ये मधूनमधून बंदुकीचा बारही होता.

शिवाय दोघांनी आपापल्या भोंग्याचं बंद करायचं बटण काढून टाकलं होतं.

"हे का?" मी कानात बोटं घालून विचारलं.

"तो येऊन बंद करील ना!" दोघांनी वेगवेगळ्या वेळी एकच उत्तर दिलं.

त्यामुळे भोंगे दिवसाही चालत. गावातली खरी कुत्री आता भुंकायची बंद झाली होती. मी रजिस्टरात लिहिलं : "भोंगे पाचावरून दोनावर आले. प्रगती समाधानकारक."

*

भात कापून झालं. झोडून झालं. पोती घरात आली. शेतात नुसता पेंढा आणि तरी दर दहा मिनिटांनी डाव्या बाजूनं कुत्री, उजव्या बाजूनं वाघ!

मी जनूभाऊंना म्हटलं, "आता राखायचं काय उरलंय?"

"राखायचा प्रश्न नाय. आधी त्यानं काढावा. त्याचा भोंगा हाय तवर मी मांडवात पाय ठेवनार नाय."

रामदासकडे गेलो. "मी काढीन. पन आधी त्यानं. मी काढला आनि त्यानं नाय काढला, तर?"

"तर काय होईल?"

रामदासनं बोटांवर हिशेब केला. "तर त्याचा ऱ्हाईल आनि माजा नाय ऱ्हानार!"

वनितानं तोडगा सुचवला. दोघांनी एकाच वेळी काढायचे, तिनं तीन म्हटल्यावर. ती बांधावर उभी राहून "एक, दोन, तीन!" ओरडली. दोघांनी भोंग्याला हात लावला आणि दोघं एकमेकांकडे बघत तसेच उभे राहिले. ती म्हणाली, "माजं दूध उतू जाईल," आणि निघून गेली.

लग्नाला चार दिवस उरले. सुनंदा पत्रिका घेऊन भावाच्या दारात गेली, त्यानं पत्रिका घेतली पण येतो म्हणाला नाही. घरी येऊन ती नवऱ्याला म्हणाली, "माज्या पोरीला बोहल्यावर आननार कोन? भोंगा?"

त्या रात्री रामदास जेवला नाही, असं तिनंच सांगितलं. प्रियांकानं मामासाठी घेतलेली टॉवेल-टोपी कपाटावर तशीच होती.

*

लग्न दुपारी साडेबाराचं. मांडव गच्च भरलेला. जनूभाऊ आले होते, पण बोलल्याप्रमाणे मांडवात नाही. कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून मांडवाच्या शेवटच्या खांबाबाहेर, बरोबर वीतभर अंतरावर उभे. रामदास मांडवाच्या आत, बरोबर तेवढ्याच अंतरावर, पाठ करून.

सव्वाबाराला लाइट गेली. माइक बंद. मांडववाल्याचा जनरेटर खोकला आणि थांबला. भटजींचा घसा आधीच्या दोन लग्नांत बसलेला. ते काय म्हणतायत ते पहिल्या रांगेलासुद्धा ऐकू येईना. वऱ्हाडी कुजबुजू लागले.

सुनंदा शालू सावरत तरातरा खांबापाशी आली. एका बाजूला नवरा, एका बाजूला भाऊ.

"दोगं ऐका. शेतात दोन भोंगे हायत. त्यांना लाइट लागत नाय, आनि माइकची पिन लागते, मला म्हाईत हाय. पाच मिंटांत दोन्ही माज्या मांडवात पायजेत. ज्याचा नाय आला, त्यानं माज्या दारात पाय ठेवायचा नाय!"

दोघांनी एकमेकांकडे बघितलं. मग दोघंही पळत सुटले! साठीचे दोन गृहस्थ, एक कडक इस्त्रीत, एक फेट्यात, बांधाच्या दोन बाजूंनी धावतायत, हे दृश्य सगळ्या वऱ्हाडानं पाहिलं. परत आले ते खांद्यावर भोंगा घेऊन, एकाच वेळी. घाईत जनूभाऊ मांडवाच्या पार मध्यापर्यंत आत आले, हे त्यांच्याही लक्षात आलं नाही.

मांडववाल्यानं भोंगे बोहल्याच्या दोन बाजूंना बांधले, पिन लावली. भटजींचा आवाज घुमला, "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं!"

जनूभाऊंनी घाम पुसला. सुनंदानं त्यांच्या डोक्यावर नवी टोपी ठेवली. प्रियांकाचा हात धरून ते निघाले तेव्हा दोघांचेही डोळे भरलेले होते, आणि मी रजिस्टर आणलं नव्हतं.

अंतरपाट धरला गेला. मंगलाष्टकं सुरू झाली. पहिलं झालं, दुसरं झालं. दहा मिनिटं कधी झाली, ते कुणालाच कळलं नाही.

शेवटचं "सावधान" आणि उजवीकडून वाघ, दोन्ही एकदम आले!

लगेच डावीकडून कुत्री, पाठोपाठ बंदुकीचा बार! अंतरपाट धरणारे अंतरपाट टाकून पळाले. अक्षता पडल्या, पण निम्म्या भटजींवर. नवरदेवानं नवरीला घट्ट धरलं. हार कुणी कुणाला घातला ते आजतागायत ठरलेलं नाही.

गोंधळ ओसरला तेव्हा रामदास आणि जनूभाऊ बोहल्याशेजारी खांद्याला खांदा लावून उभे होते. चार महिन्यांत एक शब्द न बोललेले. रामदासनं घसा खाकरला. सगळा मांडव कान देऊन ऐकू लागला.

"मेवने," तो म्हणाला, "वाघ तुमचा जरा बारीक वाटतो."

जनूभाऊंनी त्याच्या खांद्यावर प्रेमानं हात ठेवला.

"व्हय दाजी. जुना झाला. नवीन येतोय, ऑर्डर दिलीय."