रूप पालटलं की नाव गळतं

चाळिशीतल्या बाईने मोबाइलवर प्राणी पाळावेत, त्यांना फळं चारावीत आणि त्यांच्यासाठी सकाळी लवकर उठून चालावं, हे ऐकायला जेवढं येडगळ वाटतं तेवढंच ते आहे. मी हे करते. उद्यमबागेतल्या माझ्या ऑफिसात कुणाला पत्ता नाही, कारण जेवणाच्या सुट्टीत मागून कुणाची चाहूल लागली की मी झटकन हवामानाचं पान उघडते. माझ्याइतकं हवामान बेळगावात दुसरं कुणी बघत नसेल.

खेळ माझ्या फोनमध्ये नवऱ्याने घातला. आमचे दवाखाने संपले, त्यानंतरची गोष्ट. मुलासाठीचे उपचार थांबवायचे असं आम्ही दोघांनी ठरवलं, म्हणजे त्याने विचारलं आणि मी मान हलवली. पुढे डॉक्टरीणबाई म्हणाल्या, औषधांनी अंग सुटलंय, आता चालत जा. मी कुठली चालते! मग तो काम करतो त्या फाउंड्रीतल्या पोरांकडून शिकून त्याने हा खेळ आणला. चाललं की वाटेत प्राणी भेटतात, पकडले की आपले होतात. "माझ्यासाठी न्हाय तर न्हाय, ह्यांच्यासाठी तरी बाहीर पड की," म्हणाला. त्याला बरं वाटावं म्हणून मी पडले.

पहिल्याच आठवड्यात मला तो जीव सापडला. खारीएवढं अंग, अंगाला न शोभणारे मोठे कान आणि सारखं काहीतरी विचारत असल्यासारखं तोंड. या जिवाच्या मागे सगळे खेळणारे लागलेले असतात, कारण पुढे तो सात रूपांपैकी कुठलंही घेऊ शकतो. खेळात त्याला इव्हॉल्व्ह होणं म्हणतात, मी आपलं रूप पालटणं म्हणते. बहुतेक लोक बटण दाबतात आणि निघेल त्या रूपाला नशीब म्हणतात. मी तसली नव्हे. मी बसमध्ये उभ्या उभ्या व्हिडिओ बघून सगळे नियम शिकले. कुठली फळं चारायची, सोबती करून त्याला किती चालवायचं आणि बटण कधी दाबायचं, यावर रूप ठरतं. लाल फळं, भरपूर चाल आणि उन्हात दाबलेलं बटण, असं जमवलं तर सोनेरी रूप निघतं. त्याच तयारीनिशी दिवस मावळल्यावर दाबलं तर काळं निघतं. एकदा निघालं की माघारी नाही.

मला सोनेरी हवं होतं. का एवढा जीव टाकला, ते सांगते. उपचारांच्या काळात मी सांगितलेलं सगळं केलं होतं. सुया वेळेवर, गोळ्या वेळेवर, चहासुद्धा सोडला. आणि इतकं करून माझ्या स्वतःच्या पोटात काय व्हायचं ते माझ्या हातात नव्हतं. या फोनमध्ये मात्र जे पेराल तेच उगवायचं. पहिल्या पाळीच्या मोटारसायकली उद्यमबागेत शिरायच्या आत मी तिथल्या रस्त्यांवरून तरातरा चालून यायची. महिन्याभरात नवरा म्हणाला, चेहरा उजळला. त्याला काय माहीत.

आता नावाचं. या खेळात पकडलेल्या जिवाला नाव एकदाच ठेवता येतं, मग बदलता येत नाही. फक्त रूप पालटलं की जुनं नाव गळतं आणि खेळ नवं विचारतो. मी लग्नाच्या पहिल्या वर्षी मनाशी एक नाव ठरवलं होतं. मुलीचं. ते मी नवऱ्यालाही कधी सांगितलं नव्हतं, दृष्ट लागेल म्हणून. ते नाव मी त्या मोठ्या कानांच्या जिवाला दिलं. कुणासाठी राखून ठेवायचं होतं आता?

आणि तिथेच माझं सगळं नियंत्रण अडकलं. फळं चारून झाली, चाल पूर्ण झाली, बटण लखलखायला लागलं. भर उन्हात, रस्त्याकडेला उभी राहून मी बोट बटणापर्यंत नेलं आणि परत घेतलं. दाबलं असतं तर सोनेरी मिळालं असतं, पण नाव गेलं असतं. पुन्हा तेच ठेवता आलं असतं म्हणाल, तर ते त्या सोनेरी धटिंगणाला कोण ठेवणार? माझी ती लहानच बरी होती. मी तिला लहानच ठेवलं. रोज खेळ सांगायचा की ती तयार आहे, आणि रोज मी तिला हळूच म्हणायची, आज नको गं, उद्या. हे मी मोठ्याने म्हणायची, नावासकट. लिहितानाही कान तापतात.

अशात माझ्या धाकट्या भावाला मुलगी झाली. माझं माहेर निपाणीकडचं, पण भावजय गुंजीची, आणि पहिलं बाळंतपण तिच्या आईकडे झालं म्हणून बारसंही तिथेच ठरलं. आमच्यात बाळाचं नाव आत्याने ठेवायचं असतं. आत्या पाळण्यावर वाकते, बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगते, आणि तेवढ्यात बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात. कानात गेलं ते नाव पक्कं. मग कुणी कितीही कपाळ बडवा, ते निघत नाही.

मी जाताना दुसरं नाव घेऊन गेले होते. छान होतं, भटजींनी काढलेल्या अक्षराचं होतं, भावाला फोनवर सांगितल्यावर त्यालाही आवडलं होतं. माझं ते नाव भाचीला द्यायचा विचार माझ्या मनाला शिवलासुद्धा नव्हता. सख्ख्या भावाच्या मुलीलाही नाही, इतकी मी कद्रू.

गुंजीला पोचलो तेव्हा दुपार कलली होती. घरात फोनला रेंज नव्हती, फक्त माजघराच्या खिडकीत थोडी धरायची, म्हणून सगळ्यांचे फोन त्या खिडकीत ओळीने मांडले होते. घुगऱ्या शिजत होत्या. बायका जमेपर्यंत दिवस खाली गेला. पाळण्याच्या दोन्ही बाजूंना उभ्या राहून आम्ही आधी कुंची घातलेला वरवंटा फिरवला, मग बाळ फिरवलं, कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या. मग मला पुढे ढकललं.

मी वाकले. इवलासा कान होता, गरम. पाठीत धपाटे पडायला लागले आणि बायका हसायला लागल्या. मी कुर्र केलं आणि तोंडातून तेच नाव गेलं. रोज वाकून ज्या आवाजात म्हणायची, त्याच आवाजात.

भावजयीची आई अगदी शेजारी कान लावून उभी होती. मला सावरायला वेळ मिळायच्या आतच तिने नाव मोठ्याने सांगून टाकलं. "लई गोड नाव शोधलंसा हो आत्याबाई!" म्हणाली. भावाने माझ्याकडे बघितलं, ठरलेलं हे नव्हतं, पण त्याच्या चेहऱ्यावरून त्यालाही ते आवडलेलं दिसलं. सगळ्या बायका नाव घोळवून घोळवून म्हणायला लागल्या. माझ्या आत काहीतरी ओढून काढल्यासारखं झालं आणि वर मी हसत होते. म्हटलं, जाऊ दे, घरातच राहिलं. झाकली मूठ.

ती मूठ भावजयीच्या धाकट्या बहिणीने उघडली. कॉलेजातली पोरगी, मनाची वाईट नाही. फोटो काढायला म्हणून तिने खिडकीतला माझा फोन उचलला, आणि दिवसभराची रेंज नेमकी तेव्हाच जमून आली असावी. फोन वाजला. तिने वाचलं आणि ओरडली, "अगं बाई, ह्यात बी हिचंच नाव! रूप पालटायला तयार हाय म्हणतंय!" मग तिने तो सगळ्यांना दाखवला. पडद्यावर मोठ्या कानांचा जीव उड्या मारत होता आणि त्याच्या डोक्यावर माझ्या भाचीचं नाव होतं.

आधी सगळ्या हसल्या. "आत्या गेम खेळतीया!" कुणीतरी म्हणालं. ते हसणं मी सोसलं असतं. पण एकेक करून त्या हसायच्या थांबल्या, कारण एकेकीच्या लक्षात येत गेलं की पदरी मूल नसलेल्या बाईने असं नाव असल्या जिवाला का दिलं असेल. त्यांनी माझ्याकडे बघायचं सोडून पाळण्याच्या दोऱ्यांकडे बघायला सुरुवात केली. धरणीने पोटात घ्यावं म्हणतात, ते मला तोवर फक्त बोलायचं वाक्य वाटायचं.

भावजयीच्या आईने मात्र पाळण्यातलं बाळ उचलून लेकीच्या हातात दिलं. "म्हंजे उष्टं नाव घातलं व्हय आमच्या पोरीला? जनावराचं?"

"आई, गप," भावजय म्हणाली.

"गप कशी? कानात गेलं, आता निघतंय व्हय ते? त्या तिकडचं तरी काढाय सांग. न्हायतर पोरीला परत पाळण्यात घालू देणार न्हाय मी."

माझी आई जमिनीकडे बघत उभी होती. तिला माझी लाज वाटत होती, आणि ती लपवायचा ती प्रयत्न करत होती, ते जास्त दिसत होतं. भाऊ दारातून म्हणाला, "आक्का, काढून टाक की गं. गेमच हाय नव्हं."

गेमच. मी मान हलवली. भावजय बाळाला खांद्यावर घेऊन माझ्याजवळ आली. आमचं कधी फारसं जमलेलं नाही. ती हळू म्हणाली, "वन्सं, हिचं ऱ्हाऊ दे. मला आवडलंय. तेवढं त्याचं काढा." तिच्या आवाजात रागाचा लवलेश नव्हता, म्हणून मला नाही म्हणायची सोयच राहिली नाही.

पण नाव काढायला एकच वाट होती. तिच्या बहिणीलाही ती माहीत होती, कारण तीही खेळायची. फोन माझ्या हातात देताना तिने खिडकीबाहेर बघितलं. "आत्ता नका दाबू हो," ती माझ्या कानाशी कुजबुजली, "अंधार पडलाय. काळं निघंल. एवढं चालवलंय तुम्ही ह्याला. सकाळच्याला ऊन पडल्यावर दाबा."

त्या घरात माझं दुःख नेमकं कळलेली ती एकटीच, आणि तिलाही ते रूपापुरतंच कळलं होतं. बाळ रडायला लागलं होतं. सकाळपर्यंत थांबा असं मी कुठल्या तोंडाने सांगणार होते? पाळणा रिकामा होता आणि सगळ्या बायका माझ्या बोटाकडे बघत होत्या.

मी दाबलं.

पडदा पांढरा झाला. कान आत गेले, अंग लांबलं, आणि पिवळ्या डोळ्यांचं काळं काहीतरी उभं राहिलं. "ई!" एक पोरगी म्हणाली. डोक्यावरचं नाव गेलं होतं. खाली रिकामी चौकट होती, नवं नाव विचारणारी. मी ती तशीच सोडून फोन उपडा ठेवला.

भावजयीच्या आईने बाळाला पाळण्यात घातलं, दोरी हलवली आणि त्या नावाने पहिली हाक मारली. आणि मला रडू फुटलं. डोळ्यांतून नुसतं पाणी नव्हे, तर चारचौघांत हुंदके, खांदे हलवून. इंजेक्शनांच्या वर्षांत मी एकदाही अशी रडले नव्हते. मी कुणासाठी रडत होते ते मला स्वच्छ माहीत होतं. पाळण्यात जिवंत, हातपाय हलवणारी भाची होती, आणि मी त्या मोठ्या कानांच्या जिवासाठी रडत होते, जो कधी नव्हताच.

बायका विरघळल्या. जिने उष्टं म्हटलं, तीच पहिली जवळ आली आणि पदराने माझं तोंड पुसायला लागली. "चुकलं माझं, आत्याबाई. किती जीव हाय वो तुमचा पोरीवर!" माझी आई मान वर करून सगळ्यांना सांगू लागली, बघा, भाचीसाठी कशी रडतीया. भावजयीने बाळाला पाळण्यातून पुन्हा उचललं आणि माझ्या मांडीवर ठेवलं.

मी मान हलवली. व्हय, म्हणाले, भाचीसाठीच.