रुखमाबाईचं मशीन

सुपडूतात्या कुणाच्या घरात बसत नसत. चाळीसगावला आमची घरं शेजारी. पण चहासुद्धा ते आमच्या उंबऱ्याबाहेर उभ्यानेच प्यायचे. "वसुलीचा माणूस एकदा बसला की संपला," म्हणायचे. मागासवर्गीयांना धंद्यासाठी कर्ज देणाऱ्या एका महामंडळात त्यांची सारी नोकरी थकबाकी वसूल करण्यात गेली. स्वतः त्याच समाजातले, म्हणून की काय, आपल्या माणसांशी जास्तच कडक. "आपलावाला म्हणून सूट दिली, असं कुणी बोलायला नको," हे त्यांचं पालुपद.

ते निवृत्त झाल्यावर सरकारने ही जुनी कर्जं माफ केली. त्यानंतर काही दिवसांनी तात्या आले आणि चक्क आमच्या ओसरीवर मटकन बसले. "उद्या पहाटे तुझा टेम्पो रिकामा आहे का?"

टेम्पोत चढवलं ते चामडं शिवायचं गंजलेलं मशीन. वाटेत तात्यांनी सांगितलं. गिरणाकाठच्या एका गावात रुखमाबाई चपला शिवायची. नवरा गेल्यावर तिने कर्ज काढून हे मशीन घेतलं. हप्ते थकले तेव्हा तात्यांनी भर बाजारातून ते उचलून नेलं.

"कारागिराची हत्यारं जप्त करता येत नाहीत, कायदाच आहे तसा. मला माहीत होतं. पण वरून तगादा होता, आणि ही बाई भांडणार नाही हेही मला माहीत होतं." मग बाहेर बघत म्हणाले, "त्याच आठवड्यात एका पुढाऱ्याच्या भाच्याकडे गेलो होतो. कर्जाची जीप अंगणात उभी. तिला हातही लावला नाही. खुर्चीवर बसून चहा पिऊन आलो."

मशीन गोदामात पडून होतं. माफीनंतरही ते परत द्यायला कुणी हलेना, तेव्हा तात्यांनीच खेटे घालून सोडवलं होतं.

गाव अजून उठलं नव्हतं. रुखमाबाई कापूस वेचायला निघाली होती. मशीन गेल्यापासून ती मजुरीच करत होती. तात्या हात जोडून म्हणाले, "अक्का, तुमचं कर्ज माफ झालं. मशीन आणलंय."

तिने टेम्पोकडे पाहिलंही नाही. "माफी सरकारनी दिधी. तुम्हनं काय शे त्यामा?"

'त्यात तुमचं काय?' हा तिचा सवाल ऐकूनही तात्या टेम्पोवरची दोरी सोडू लागले.

"बठ्ठा गावदेखत लई ग्यात. आते गुपचूप देवाले उनात? बजारना दिन लई या."

सगळ्या गावादेखत नेलंत, तर आता गुपचूप नाही, बाजाराच्या दिवशीच आणा, असं तिचं म्हणणं होतं. आम्ही मशीन घेऊन परत फिरलो. मला वाटलं, तात्या आता माझ्याच हाती ते पाठवून देतील. पण बाजाराच्या दिवशी ते स्वतः आले. मला टेम्पो वेशीवरच थांबवायला लावला, तिथून हातगाडी घेतली आणि भर बाजारातून ओढत नेली. भाजीवाल्या, चहावाले, सगळे बघत होते. मी मागून गाडी ढकलत होतो. मान वर करायचं धाडस होत नव्हतं. रुखमाबाईच्या दारात तात्या थांबले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "हे मशीन न्यायचा मला अधिकार नव्हता. तरी मी नेलं. चूक हिची नव्हती, माझी होती."

रुखमाबाईने शेजाऱ्याच्या मदतीने मशीन आत घेतलं आणि दार लावून घेतलं. पाणीसुद्धा विचारलं नाही.

परतताना मी म्हणालो, "तात्या, तिने निदान दोन शब्द तरी बोलायला हवे होते."

"नाही बोलली तेच बरं," ते म्हणाले. "पाणी पाजलं असतं, तर मी लगेच स्वतःला मोकळं समजलो असतो."

गेल्या वर्षी तात्या वारले. शोकसभेत जो तो हेच सांगत होता, की इतकी वर्षं वसुलीत काढली, पण तात्यांनी कुणाचा एक पैसा खाल्ला नाही. ते खरंच होतं. मी मात्र खाली मान घालून बसलो होतो. आजारपणात एकदा हेच मी त्यांना म्हणालो होतो, तेव्हा त्यांनी भिंतीकडे तोंड फिरवलं होतं.

"पैसा खाल्ला असता तर परत करता आला असता रे. तिची ती वर्षं कुठून आणू?"