आबाजींचा चीट कोड

मामेभावाने नवा गेम घेतला म्हणून त्याचा जुना माझ्या वाट्याला आला. हातात मावेल एवढं करड्या रंगाचं यंत्र, डाव्या अंगठ्याखाली चार दिशांचं एक बटण, उजव्या अंगठ्याखाली दोन गोल बटणं आणि मध्ये पडदा. त्याला पेन्सिल सेल लागायचे. ते मी आबाजींच्या रेडिओतून काढायचे आणि बातम्यांची वेळ झाली की परत रेडिओत घालायचे. मधली सगळी दुपार माझी.

दहावीची परीक्षा संपली होती, निकालाला अवकाश होता. चिखलीपासून जवळच आमचं गाव. दुपारी आबाजींजवळ बसायचं काम माझ्याकडे आलं होतं. आबाजी म्हणजे माझे आजोबा, बाबांचे वडील. होळीच्या सुमारास त्यांना लकवा मारला. उजवा हात आणि उजवा पाय गेला, बोलणंही गेलं. डाव्या हातात मात्र जोर होता आणि डोळे पूर्वीसारखेच, समोरच्याची चूक शोधणारे. डॉक्टर म्हणाले, यांना ऐकू येतं, बरंचसं समजतंही, फक्त शब्द बाहेर येत नाहीत. ज्यांनी गोठ्यातून हाक मारली की शेजारच्या घरातली माणसं दचकायची, त्यांच्या तोंडून आता नुसतं ‘बा, बा’ यायचं. मला त्याची भीती वाटायची, खोटं कशाला सांगू! म्हणून मी त्यांच्या बाजेजवळ बसायचे खरी, पण डोकं गेममध्ये घालून.

गेममध्ये एक शिपाई किल्ल्यात शिरतो आणि एकेक दार ओलांडत जातो. त्याला तीन जीव. माझे तिन्ही तिसऱ्या दाराशीच संपायचे. मामेभावाला फोन केला तर तो हसला आणि म्हणाला, सुरुवातीचं चित्र आलं की डावं, डावं, वर, उजवं, मग दोन्ही गोल बटणं एकदम. घाई करायची नाही आणि थांबायचंही नाही. मी तसं केलं. टुण्णकन आवाज झाला आणि त्यानंतर माझा शिपाई काही केल्या मरेना.

दुसरं कोणी असतं तर किल्ला सर करून मोकळं झालं असतं. मला नको तिथे नाक खुपसायची सवय. आई म्हणायची, हिला पुरणपोळी वाढली तरी आधी फोडून आत काय आहे ते बघेल. मला प्रश्न पडला की ही चोरवाट तिथे ठेवली कोणी? आणि ठेवायचीच होती तर लपवली कशाला? शिवाय आणखी एक गंमत माझ्या लक्षात आली. मैत्रिणीने तो क्रम विचारला तेव्हा मला तो तोंडाने सांगताच येईना. हवेत अंगठे हलवून बघावे लागले, मग सांगता आला. क्रम अंगठ्यांना पाठ होता, मला नव्हता.

बाबांना सांगितलं तर ते म्हणाले, “म्हंजे लबाडी.”

“लबाडी नाही बाबा, गेम बनवणाऱ्यांनीच ठेवलंय ते.”

“मंग ते लबाड,” असं म्हणून बाबा जेवायला बसले.

आबाजी हे सगळं बघत असायचे. पडद्याकडे त्यांचं लक्ष नसायचं. ते माझ्या अंगठ्यांकडे बघायचे, आणि तेही खेळ सुरू व्हायच्या आधी, मी तो क्रम दाबताना. टुण्ण झालं की नजर काढून घ्यायचे.

त्या दिवसांत आमच्या घरात एकच विषय होता, बैलजोडीचा. जोडी आबाजींची. गोऱ्हे असताना आणलेली, त्यांच्या हातची शिकलेली. आता पहाटे उठून वैरण-पाणी बाबांनाच करावं लागत होतं आणि त्यांची कंबर धरली होती. भाड्याने ट्रॅक्टर मिळत होता. बाबांना जोडी विकायची होती, पण आबाजींच्या होकाराशिवाय नाही. आणि होकार द्यायचा कसा, हीच तर अडचण. बाबा विचारायचे, “आबाजी, जोडी इकू का?” आबाजी मान हलवायचे. लगेच बाबा विचारायचे, “नाही तं ठेवू?” तरी मान तशीच हलायची. मग आबाजींच्या डोळ्यांत पाणी यायचं आणि बाबा उठून बाहेर जायचे. त्या माणसाच्या मनात काय आहे ते आमच्यापैकी कोणालाच कळत नव्हतं, आणि ते न कळता जोडी नेऊन विकणं बाबांना जन्मात जमलं नसतं.

सुट्टीत रिकामं बसू नये म्हणून मला चिखलीला कॉम्प्युटरच्या क्लासला घातलं होतं. सकाळच्या एसटीने जायचं, दुपारच्या आत परत. क्लासच्या सरांनी कॉम्प्युटरवर एम्युलेटर टाकून ठेवला होता. कॉम्प्युटर त्यात माझ्या हातातल्या गेमचं सोंग घ्यायचा, इतकं हुबेहूब की सुरुवातीचा टुण्णसुद्धा तोच. त्यात असले चोरवाटेचे चीट कोड लिहायला एक चौकोन होता. तिथे बटणं नव्हती, अक्षरं आणि आकडे टाकायचे. वीज गेली नाही आणि सर खुशीत असले तर तो चौकोन मला मिळायचा.

मी सरांना माझा प्रश्न विचारला. ते म्हणाले, बनवणाऱ्यांना शेवटचं दार नीट उघडतं का ते बघायचं असतं, दर वेळी पहिल्यापासून कोण खेळणार? म्हणून ते स्वतःसाठी वाट ठेवतात. “आणि कोड टाकल्यावर आत काय होतं?” मी विचारलं. सर म्हणाले, आत शिपाई नाही, किल्ला नाही, सगळे आकडे आहेत. जीव हा एक आकडा, भिंत हा एक आकडा. कोड त्यातला एक आकडा धरून ठेवतो. शिपाई मेला की मशीन तीनातून एक वजा करायला जातं, कोड म्हणतो, हलायचं नाही, तीनच.

मला हे इतकं आवडलं की मी खेळायचं सोडून कोडातला एकेक आकडा बदलत बसले. एकदा झाडं विटकरी रंगाची झाली. एकदा शिपाई भिंतीतून आरपार गेला आणि पलीकडे नुसता काळोख निघाला, जमीनसुद्धा नाही. एकदा मशीनच गोठलं आणि सर म्हणाले, “उठ वं आता, बाकीच्याईले बसू दे.” घरी येताना एसटीच्या खिडकीतून बाहेर बघत मी विचार करायचे की या बाभळीचा आकडा काय असेल आणि तो कोणी बदलला तर काय होईल.

एका दुपारी मी गेम सुरू करून नेहमीचा क्रम दाबत होते, तेवढ्यात आबाजींनी डाव्या हाताने माझा हात धरला. गेम मांडीवर पडला. त्यांनी उशाशी ठेवलेला आपला खांद्यावरचा दुपट्टा दातांनी आणि कोपराने ओढून आमच्या हातांवर टाकला आणि त्याखाली माझी बोटं दाबायला लागले. आधी दोन बोटं, मग सगळी मूठ, मग एका बोटाचं मधलं पेर.

“काय पाह्यजे आबाजी? पाणी?” मी विचारलं. ते चिडले. काय करताहेत ते दिसावं म्हणून मी दुपट्टा बाजूला केला. ते आणखी चिडले, ‘बा, बा’ करत दुपट्टा परत हातांवर ओढला आणि पुन्हा तेच, दोन बोटं, मूठ, पेर. दर वेळी तोच क्रम. ही थरथर नव्हती, चाळा नव्हता. आबाजी कोड टाकत होते आणि मी काही उघडत नव्हते.

आईला सांगितलं. ती म्हणाली, हात दुखत असेल. संध्याकाळी बाबांना सांगितलं. ते हातपाय धूत होते. “बोटं दाबतेत?” त्यांनी विचारलं. “दुपट्टा टाकून?” मी हो म्हटल्यावर ते ओला हात तसाच धरून उभे राहिले.

“बैलाचा भाव तसा करतात,” ते म्हणाले. “बाजारात. दोघाईनं कपड्याखाली हात घालाचे. बाकीच्याईले कळू नाही म्हणून.”

“मग तुम्ही जा ना आत, बघा काय म्हणतात.”

“मले कुठी येते ते? सौदा आबाजी कराचे, मी दोर धराचो.”

दुसऱ्या दिवशी बाबा बैलबाजारातल्या एका दलालाला घेऊन आले. आबाजींचा जुना सोबती, त्यांच्याशी भांडून-भांडून म्हातारा झालेला. तो बाजेवर उजव्या अंगाला बसला, मग लक्षात आलं तसा उठून डाव्या अंगाला आला. सवयीने उजवा हात पुढे केला, तो आबाजींच्या डाव्या हातात नीट बसेना. मग त्यानेही डावा दिला. खांद्यावरचा दुपट्टा काढून दोन्ही हातांवर टाकला आणि नुसतं म्हणाला, “सांगा आबाजी. जोडीचं काय?”

दुपट्टा हलायला लागला. दलालाने भुवया वर केल्या. दुपट्टा पुन्हा हलला. दलाल म्हणाला, “काऊन आबाजी, गम्मत करता का गरिबाची?” आबाजींचं तोंड एका बाजूने वर गेलं. होळीनंतर पहिल्यांदा ते हसत होते. दलालाने काही दाबलं असावं, कारण त्यांनी त्याचा हात झटकला आणि पुन्हा पहिल्यासारखंच दाबलं. मग दलाल इतका हसला की त्याला ठसका लागला.

“जोडी इकाची नाही म्हणतेत,” तो बाबांना म्हणाला.

“असं म्हणाले?”

“असं कसं म्हणतीन? ह्याच्यात भावच सांगता येते. पण भाव असा सांगतला की तेवढ्या पैशात तुमचं घर येईन. आता हे नाहीच झालं ना?”

किती सांगितला, असं बाबांनी तीनदा विचारलं. दलालाने सांगितलं नाही. दुपट्ट्याखालचा भाव बाहेर काढायचा नसतो, म्हणाला. बाबा खोटंखोटं चिडून गोठ्यात गेले आणि वैरण टाकताना ते गुणगुणत असल्याचं मी ऐकलं. आबाजींच्या मनातलं कळलं होतं. नाही तर नाही, पण कळलं होतं.

मी दलालाच्या मागे लागून ती बोटं शिकून घेतली. एक बोट म्हणजे एक, मूठ म्हणजे पाच, आणि पेरापेराचे वेगळे हिशेब. मुलीला हे शिकवायचं का, यावर तो जरा अडला, मग म्हणाला, भाव फोडशीन नाही तं शिकवतो. त्यानंतर आबाजी आणि मी चहाचा सौदा करायला लागलो. ते दोन बोटं दाबायचे, म्हणजे साखर दोन चमचे. मी एक दाबायचे, कारण डॉक्टरांनी तेवढीच सांगितली होती. ते पाच दाबायचे. शेवटी दीडवर सौदा पटायचा आणि आई दोघांनाही रागवायची. गेमचे सेल रेडिओतच राहू लागले. न मरणाऱ्या शिपायाला घेऊन किल्ल्यात हिंडण्यात आता मजा वाटत नव्हती, आणि मला त्यांचा हात हातात घ्यायची भीतीही उरली नव्हती.

दलाल दर बाजाराच्या दिवशी यायचा. दुपट्टा टाकायचा, जोडी मागायचा. आबाजी तोच घराएवढा भाव सांगायचे आणि दोघं पोट धरून हसायचे. मी बाबांना म्हटलं, आबाजींनी जोडीवर चीट लावलाय, आकडा धरून ठेवलाय, आता ती हलत नाही. बाबा म्हणाले, “अन् राबतो कोन? मी!” पेरणी झाली, तण काढायची डवरणी झाली, सगळी त्याच जोडीने. बाबा कंबरेला पट्टा बांधून कामं करत राहिले. संध्याकाळी ते ओट्यावर आडवे पडायचे तेव्हा आबाजींची नजर त्यांच्याकडे असायची. ती नजर काय सांगते आहे तिकडे तेव्हा आमचं कोणाचं लक्ष गेलं नाही.

पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलांचे खांदे शेकतात, वर्षभर जू वाहिलेल्या खांद्यांना तूप-हळद चोळतात. बाबांनी जोडी थेट बाजेपाशी आणली. आबाजींनी डाव्या हाताने दोघांचेही खांदे चोळले, हात गळून येईपर्यंत.

पोळ्यानंतरच्या बाजाराला दलाल नेहमीसारखा आला. आईने चहा ठेवला. दुपट्टा पडला आणि आम्ही हसू यायची वाट बघत राहिलो. ते आलं नाही. दलालाचा हात आत पुन्हा पुन्हा हलत होता. त्याने मान हलवून काहीतरी नाकारलं. मग तो बाबांकडे वळला.

“आज बरोबर भाव सांगून राह्यले.”

“म्हंजे?”

“बाजारात जो हाय तोच. मी वाढवून राह्यलो, म्हटलं आबाजी, नेहमीचा सांगा. ते माह्यं बोट दाबून परत खाली आनतेत.”

घेणारा भाव चढवतो आहे आणि विकणारा पाडतो आहे, असा सौदा त्या दलालाने तरी कधी केला नसावा. बाबांना उन्हाळ्यात जो होकार हवा होता तो असा मिळाला. ते पायरीवर खाली बसले.

“त्याईले सांगा, मी करतो जोडीचं,” बाबा म्हणाले. “कंबर काही एवढी दुखत नाही मनावं. सांगा ना.”

“ते कसं सांगू भाऊ?” दलाल म्हणाला. “त्याले बोट नाही.”

आबाजींनी दुपट्टा स्वतःच ओढून काढला. तो डाव्या हातात गोळा करून त्यांनी बाबांच्या दिशेने धरला आणि बाबा उठेपर्यंत तसाच धरून ठेवला. बाबांनी तो घेतला. मग आबाजींच्या डाव्या अंगाला बाजेवर बसून त्यांनी तो दोघांच्या हातांवर पसरला, आणि सौद्याची बोटं येत नसतानाही कितीतरी वेळ ते तसेच हात धरून बसले.