रविवारचा मुहूर्त

शाहूपुरीत माझ्या लग्नपत्रिकांच्या छापखान्यासमोर तो फुटपाथवर पंचांग घेऊन बसायचा. पंचांगाला खाकी कव्हर. त्यामुळे आतलं पंचांग यंदाचं आहे की जुनंच, हा माझा पहिला संशय. दुसरा त्याच्या डोळ्यांवर. बोट थुंकीनं ओलं करून पानं उलटायचा, पण बघायचा गिऱ्हाईकाच्या तोंडाकडं.

त्याच्याकडून मुहूर्त काढून लोक थेट माझ्याकडं पत्रिका छापायला यायचे, आणि तारीख बघावी तर नेमका रविवार! एकदा न राहवून रस्ता ओलांडून गेलो. म्हटलं, "काय हो, ग्रहांना पण रविवारची सुट्टी असते काय?"

त्यानं शांतपणे पंचांग मिटलं. "ग्रहांस्नी न्हाय हो मालक, पावण्यांस्नी असती की!"

म्हणजे चोर सापडलाच. माझ्या मुलीच्या लग्नाचा मुहूर्त मी मुद्दाम मंगळवार पेठेतल्या एका कडक शास्त्रीबुवांकडून आणला. बुधवार निघाला.

"पप्पा, एमआयडीसीतल्या माझ्या मैत्रिणींना रजा मिळायची नाही," मुलगी म्हणाली.

"मुहूर्त म्हणजे मुहूर्त," मी म्हणालो.

मंगलाष्टकं सुरू झाली तेव्हा निम्मं कार्यालय रिकामं होतं. पहिल्या रांगेत मात्र तो उभा होता, इस्त्रीचा सदरा घालून, काखेत तेच खाकी पंचांग. त्याला मी पत्रिका दिलीच नव्हती. तो मुठी भरभरून अक्षता टाकत होता, जणू न आलेल्यांच्या वाटच्यासुद्धा. जेवायला थांबला नाही.

आशीर्वाद द्यायला आला होता की रिकाम्या खुर्च्या बघायला, हा माझा तिसरा संशय. तो अजून फिटलेला नाही.