कोपरा कापलेलं कार्ड

"हे परत घ्या, सायेब. मंद्रूपचं हाय. घेत न्हाईत."

महिबूब पोस्टमननं कार्ड चिमटीत धरून माझ्या टेबलावर ठेवलं आणि हात शर्टाला पुसला. मंद्रूपची टपालाची थैली न्यायला तो रोज सकाळी मोटारीनं सोलापूरला यायचा. मी तेव्हा पोस्टात सॉर्टिंगचा हेडक्लार्क होतो. कार्डाकडे पाहिलं. वरचा एक कोपरा नव्हता.

आपल्याकडे मयताची बातमी कळवायची तर कार्डाचा कोपरा फाडून धाडतात. असं कार्ड उंबऱ्याच्या आत नेत नाहीत, आणि पुष्कळदा कुणी वाचतही नाही. कोपरा नाही असं दिसलं की घरात रडारड सुरू होते. कार्डाचं काम तिथंच संपतं.

"कुणाचं?"

"निवृत्ती आबाच्या सिद्रामचं. लढाईवर हाय की त्यो. काल दिलं मी. आबानं बगितलं आन् तितंच मटकन खाली बसला. आज म्हनला, सरकारचं हाय, सरकारला परत दे. सुनेच्या बांगड्या फोडनार हायेत आज. तिचा भाऊ यायचाय अक्कलकोटाकडनं, त्याचीच वाट बगत्यात."

मी कार्ड उलटून पाहिलं. शिक्का फील्ड पोस्ट ऑफिसचा होता. फील्ड पोस्ट ऑफिस म्हणजे फौजेबरोबर हिंडणारं पोस्ट. तंबूत भरतं, फौज हलली की तेही हलतं. चौदा सालच्या मोठ्या लढाईच्या वेळी इराकात बसऱ्याकडे मी स्वतः तसल्या तंबूत काम केलेलं होतं. म्हणूनच एक गोष्ट लगेच डोळ्यांत आली. हातानं फाडलेला कोपरा वेडावाकडा असतो. हा सरळ होता, कात्रीचा.

मग मी कार्ड वाचलं. पोस्टाच्या माणसानं असं वाचायचं नसतं, पण वाचलं.

"तीर्थरूप आबास सिद्रामचा शिरसाष्टांग नमस्कार. मी खुशाल आहे. मला सिग्नलच्या कामावर घेतले आहे. आरशाने ऊन पाडून या टेकडीवरून त्या टेकडीला निरोप द्यावयाचा. थंडी फार. गोळ्यांच्या आवाजाची आता सवय झाली. घरात सांगावे, दिवाळीला रजा मिळेल असे म्हणतात."

माझं डोकंच फिरलं. सरहद्दीवर वझिरिस्तानात तेव्हा चकमकी चालू होत्या. शिपायांची पत्रं आधी सेन्सॉरकडे जायची. सेन्सॉर म्हणजे फौज कुठं आहे हे उघड करणारा मजकूर काढून टाकणारा अंमलदार. आणि आपल्या पोरांना शाळेत काय शिकवलेलं असतं? वर उजव्या कोपऱ्यात मुक्काम लिहा, तारीख लिहा. सिद्रामनं शहाण्या मुलासारखं कोपऱ्यात मुक्काम लिहिला. साहेबानं तो कोपरा कात्रीनं उडवला. आरसा, टेकडी, गोळ्या, सगळं त्याला चाललं. गावाचं नाव तेवढं चाललं नाही.

एका टेकडीवरचा निरोप दुसऱ्या टेकडीवर डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच पोचवणारा हा पोरगा, आणि त्याच्या स्वतःच्या घरी मात्र तो मेल्याची बातमी सरकारी शिक्क्यानिशी पोचलेली.

मी कार्ड घेऊन पोस्टमास्तरांच्या खोलीत गेलो.

"नाकारलंय ना? मग 'रिफ्यूज्ड'चा शेरा मारा आणि पाठवणाऱ्याकडे परत," ते म्हणाले.

"साहेब, पाठवणारा जिवंत आहे. घरचे त्याला मेला समजून बसलेत."

"तुम्हाला काय माहीत?"

"कार्डात लिहिलंय."

"म्हणजे तुम्ही कार्ड वाचलंत?"

"वाचलं. आज त्याच्या बायकोच्या बांगड्या फोडणार आहेत."

"तो पोस्टाचा प्रश्न नाही. उद्या तारेनं चौकशी करू."

उद्या! तोवर तिकडं सगळं उरकलं असतं. मी अर्ध्या दिवसाच्या रजेची चिठ्ठी त्यांच्या टेबलावर ठेवली आणि ते काही बोलायच्या आत बाहेर पडलो. महिबूबबरोबर विजापूर रस्त्याच्या मोटारीत बसलो. मोटार वाटेत दोनदा तापून थांबली. ड्रायव्हर निवांत बिडी ओढत होता. त्याचा तरी काय दोष, पण त्या दिवशी मला सगळ्यांचाच राग येत होता.

मंद्रूपला पोचलो तेव्हा भाऊ येऊन पोचला होता आणि बायकांनी सुरुवात केली होती. सिद्रामची बायको भागू अंगणात बसलेली. उजवा हात रिकामा, मनगटावर ओरखडे, पुढ्यात हिरव्या काचा. डावा हात एका म्हातारीनं धरलेला.

"थांबा!" मी ओरडलो. "पोरगा जिवंत आहे!"

सगळे थांबले. मी उभ्या उभ्या कार्ड मोठ्यानं वाचून दाखवलं. मला वाटलं, आता आनंदीआनंद होईल. कसलं काय! निवृत्ती आबा भिंतीला टेकून बसले होते. शांतपणे म्हणाले, "मास्तर, तुमी आलात, लई उपकार झाले. पर आमाला फसवू नगा. लिवलं तवा जित्ता आसंल त्यो. मागनं मेला, म्हनून कुनीतरी कोपरा कापला आन् धाडलं."

मी सेन्सॉर म्हणजे काय ते सांगितलं. तंबू सांगितला, कात्री सांगितली. आबा मान हलवत राहिले. "सरकार मानसाचं कार्ड कापंल कशाला? सरकारला काय आमची रीत ठावं न्हाई?" त्या माणसाचा सरकारवर एवढा विश्वास होता की सरकार चुकेल हे त्याला पटेना. पोरगा मेला हे पटलं. मला तिथं उभ्या जागी चीड आली, आणि त्या चिडीचा उपयोग काहीच होत नव्हता.

तेवढ्यात भागूनं म्हातारीच्या हातातून आपला हात सोडवून घेतला. पदर सावरला. सासऱ्यापुढे बोलायची रीत नव्हती, म्हणून ती महिबूबकडं बघून बोलली.

"म्हैबूबमामा, कोपऱ्यात काय व्हतं म्हनत्यात ह्ये?"

"मुक्काम, पोरी. जितं ऱ्हातो त्या जागेचं नाव."

ती उठून आत गेली. पत्र्याची पेटी उघडल्याचा आवाज आला. परत आली ती सिद्रामची आधीची कार्डं घेऊन. तिनं ती आबांच्या पुढ्यात मांडली. प्रत्येक कार्डाचा कोपरा जागेवर होता, आणि प्रत्येक कोपऱ्यात काळ्या शाईचा जाड पट्टा फासलेला होता.

"हितंच काळं फासत्यात दर बारीला," ती म्हणाली. "ह्या बारीला कापलं. सायेबाला शाई म्हाग झाली व्हय?"

आबांनी एक कार्ड उचललं, दुसरं उचललं. मग तोंडावर उपरणं घेऊन मोठ्यानं रडले. कालपासून ते रडले नव्हते असं महिबूबनं मला नंतर सांगितलं.

सासू लगेच कासाराला बोलवायला निघाली. उजव्या हातात बांगड्या भरायला हव्यात, सुवासिनीचा हात रिकामा ठेवणं अशुभ. भागू म्हणाली, "आता न्हाई. चारी कोपऱ्यांचं कार्ड यिऊ द्या, मग भरीन." सासूनं समजावलं, भाऊ चिडला. ती ऐकेना.

मी सोलापूरला परतलो आणि फौजेच्या सेन्सॉर ऑफिसला तक्रार लिहिली. आपल्याकडची रीत समजावून सांगितली. कात्रीऐवजी शाई वापरावी, एवढंच मागणं होतं. पुष्कळ दिवसांनी उत्तर आलं. कोपरा हुकमाप्रमाणे काढला आहे. कुटुंबांच्या रूढींशी या ऑफिसाचा संबंध नाही. पाठवणाऱ्यास कोपऱ्यात न लिहिण्याची समज द्यावी.

म्हणजे कापणार हे, आणि समज त्याला! पण पोरीचा हात रिकामा होता. राग गिळून मी सिद्रामला लिहिलं, बाबा, कोपरा कोरा ठेव.

त्यानं ऐकलं. पण मुक्कामाशिवाय पत्र कसं लिहायचं? तो त्यानं मजकुराच्या मधोमध लिहिला. कार्ड सोलापूरला आलं तेव्हा मधोमध चौकोनी भोक होतं आणि चारी कोपरे शाबूत. ते मी स्वतः महिबूबच्या हातात दिलं. भागूनं दारातच भोकातून महिबूबकडं बघितलं म्हणे, आणि हसली. त्याच दिवशी कासार आला.

दिवाळीला सिद्रामही आला.

माझ्या सर्व्हिस बुकात शेरा पडला, परक्याचं कार्ड वाचल्याबद्दल. कात्री चालवणाऱ्याच्या बुकात काही पडलं असेल असं मला वाटत नाही. त्यानंतर रिटायर होईपर्यंत कोपरा नसलेलं प्रत्येक कार्ड मी आधी वाचलं आणि मगच डिलिव्हरीला दिलं. ते नियमात बसत नव्हतं.