पेन्सिलीएवढी फट

दत्तू गेल्याचा फोन आला तेव्हा मी गॅलरीतल्या जाळीच्या कडेची फट बुजवत होते. स्क्रू करकचून आवळून झाले होते, हातात पांढऱ्या सिमेंटची वाटी होती. भावजय घोटीहून एवढंच बोलली, "ताई, हे गेले... छातीत कळ आली." मी "बरं, निघते" म्हणाले आणि उरलेली फट बुजवून टाकली. मग हात धुतले. असं का केलं, देव जाणे.

दत्तू माझा धाकटा भाऊ. गंगापूर रोडच्या कितीतरी गॅलऱ्यांना त्यानं प्लॅस्टिकच्या ताठ जाळ्या बसवल्या, माझाच नंबर लागत नव्हता. शेवटी मी चिडले, तेव्हा फेब्रुवारीतल्या एका गार सकाळी आला. सहा फुटी जाळी लावली, तर दोन्ही टोकांना पेन्सिल जाईल एवढी फट! भोकं स्क्रूपेक्षा मोठी, स्क्रूही ढिलेच. वारा आला की खडखड.

"मापात चुकलास आणि मला शेंडी लावतोस?"

"ताई, थंडीत लावतोय ना. उन्हात ही लांबती. जागा नाय दिली तर पोट काढील."

"मला शिकवू नकोस."

तो हसला. "सायन्सची मास्तरीण ना गं तू? रुळांतल्या फटी लय शिकवायचीस आम्हाला..."

खरंच होतं ते, म्हणून तर झोंबलं. मी चहासुद्धा विचारला नाही. हत्यारं गोळा करून "येतो" म्हणाला. त्यानंतर आठ दिवसांनी तो फोन.

तेराव्यापर्यंत माझ्या डोळ्यांत टिपूस आलं नाही. ताई खंबीर आहे म्हणे. कसली खंबीर! मला काही वाटतच नव्हतं, अजूनही धड वाटत नाही.

परवा भर दुपारी जाळीनं पोट काढलं. चांगली चार बोटं बाहेर आली. मी सवयीनं दत्तूला फोन लावला. भावजयीनं उचलला. "चुकून लागला गं," म्हणाले आणि ठेवला.

मग स्टूल घेतलं. स्क्रू ढिले केले, सिमेंट खरवडून काढलं. चार वाजेपर्यंत खरवडत होते. जाळी हळूहळू सरळ झाली. ऊन उतरल्यावर फट पुन्हा दिसायला लागली, त्यानं ठेवली होती तेवढीच.

वारा आला, जाळी खडखडली. मी आत जाऊन चहा टाकला, दोघांचा.